गर्भातल्या वाटसरू पेशी: न्यूरल क्रेस्टबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

फोंड्यात प्राणिशास्त्र शिकवताना दरवर्षी एक तास असा येतो, की मुलं सूक्ष्मदर्शकाखाली कोंबडीचा तेहतीस तासांचा गर्भ पाहतात आणि प्रश्न विचारायला लागतात. पुढे शाळांतून, महिला मंडळांतून बोलायला गेले, तेव्हा आयांनी आणि आज्यांनी विचारलेले प्रश्नही या वहीत जमा झाले. त्यांचे प्रश्न मुलांच्या प्रश्नांपेक्षा जास्त अवघड होते, कारण त्यांच्यामागे घरातलं एखादं बाळ असायचं. जे पुन्हा पुन्हा विचारले गेले ते इथे घेतले आहेत.

न्यूरल क्रेस्ट पेशी म्हणजे नेमकं काय?

चवथीला नेवऱ्या (करंज्या) करताना आपण पारी लाटतो, ती दुमडतो आणि दोन्ही कडा जुळवून कातण्याने कातरतो. गर्भाच्या पाठीवर अगदी सुरुवातीला असंच काहीसं घडतं. तिथे पेशींचा एक चपटा पट्टा असतो. त्याच्या दोन्ही कडा वर उचलल्या जातात, एकमेकींकडे झुकतात आणि जुळतात. पट्ट्याची नळी होते. हीच चेतानलिका. पुढे तिचा मेंदू होतो आणि मेरुरज्जू होतो.

आता ती जुळलेली कड डोळ्यांसमोर ठेवा. एका बाजूला नळी, दुसऱ्या बाजूला वरची त्वचा होणारा थर, आणि दोन्हींच्या मधल्या शिवणीवरच्या या पेशी. त्या नळीत राहत नाहीत, त्वचेतही राहत नाहीत. शेजारणींचा हात सोडतात, थरातून सुटतात आणि गर्भभर चालत जातात. ज्या ठिकाणी पोचतात तिथे गरजेप्रमाणे कुणी चेतापेशी होते, कुणी हाड, कुणी त्वचेचा रंग. या सुटून निघालेल्या पेशींना न्यूरल क्रेस्ट पेशी म्हणतात. माणसापासून बांगड्यापर्यंत सगळ्या पृष्ठवंशी प्राण्यांत त्या असतात.

'क्रेस्ट' म्हणजे कोंबड्याचा तुरा का?

नाही. नळीच्या माथ्यावरची धार, एवढाच अर्थ. मराठीत काही जण 'चेताशिखा' लिहितात. मी वर्गात न्यूरल क्रेस्टच म्हणते, कारण मुलांना पुढे तोच शब्द भेटणार असतो.

माणसाच्या गर्भात हे केव्हा घडतं?

गर्भधारणेनंतर तिसऱ्या आठवड्याच्या शेवटी कडा उचलायला लागतात आणि साधारण अठ्ठाविसाव्या दिवसापर्यंत नळी दोन्ही टोकांना मिटते. डोक्याकडच्या क्रेस्ट पेशी तर नळी पुरती मिटायच्या आधीच निघालेल्या असतात. गर्भ त्या वेळी उकड्या तांदळाच्या दाण्याहून लहान असतो. आईची पाळी चुकून जेमतेम दोन आठवडे झालेले असतात. पुष्कळ बायकांना तोवर दिवस गेल्याची खात्रीही नसते. ही गोष्ट लक्षात ठेवा, खाली ती पुन्हा लागणार आहे.

या पेशींपासून शरीरात काय काय तयार होतं?

यादी ऐकून मुलं दरवेळी थबकतात, कारण या गोष्टींचं एकमेकींशी काही नातं असेल असं वरून वाटतच नाही.

चेहऱ्याची बहुतेक हाडं आणि कूर्चा क्रेस्ट पेशींपासून होतात: वरचा जबडा, खालचा जबडा, गालाची हाडं, नाकाची हाडं, कपाळाचं हाड. डोक्याच्या मागच्या बाजूची हाडं मात्र वेगळ्या थरातून येतात. कानातल्या इवल्याशा हाडांचा मोठा भाग याच पेशींचा. दाताचं वरचं चकचकीत कवच त्यांचं नसतं, पण त्याच्या आतलं डेंटिन घडवणाऱ्या पेशी त्यांच्याच वंशातल्या. डोळ्याच्या पारदर्शक बुबुळावरच्या पडद्याचाही काही भाग त्यांचाच.

मग चेतासंस्था. मेंदू आणि मेरुरज्जू नळीपासून होतात, पण त्यांच्याबाहेरचं बरंचसं जाळं क्रेस्टचं आहे. पायाला काटा टोचला की ती बातमी वर पोचवणाऱ्या चेतापेशी मणक्यांच्या शेजारी गाठी करून बसलेल्या असतात, त्या क्रेस्टच्या. चेतातंतूंभोवती गुंडाळून बसणाऱ्या श्वान (Schwann) पेशी त्यांच्याच. आतड्याच्या भिंतीत जेवण पुढे ढकलणारं जे कोट्यवधी चेतापेशींचं स्वतंत्र जाळं असतं, तेही त्यांचंच.

काळोख्या वाटेवर घोणस दिसली की छातीत धडधड होते ना? ते ॲड्रिनलिन मूत्रपिंडावर टोपीसारख्या बसलेल्या ग्रंथीच्या गाभ्यातून येतं. तो गाभा क्रेस्टच्या वंशातला. आणि त्वचेला, केसांना रंग देणाऱ्या रंगपेशीसुद्धा. एक गोष्ट इथे सांगायलाच हवी. गोऱ्या आणि सावळ्या माणसाच्या त्वचेत रंगपेशींची संख्या जवळजवळ सारखीच असते. फरक असतो तो त्या किती आणि कोणत्या प्रकारचं रंगद्रव्य करतात आणि ते कसं वाटतात, त्यात. लग्नाच्या जाहिरातीत 'गोरी' शोधणाऱ्या घरांत मी हे मुद्दाम सांगते.

आणि हृदय. हृदयातून निघणारी मोठी रक्तवाहिनी सुरुवातीला एकच असते. तिची उभी वाटणी होऊन एक महाधमनी आणि दुसरी फुप्फुसाकडे जाणारी, अशा दोन वाहिन्या होतात. मधला पडदा घालायला क्रेस्ट पेशी मानेच्या भागातून चालत येतात. मार्गारेट कर्बी यांनी कोंबडीच्या गर्भातून नेमक्या याच पेशी काढून १९८३ साली दाखवलं की त्या नसतील तर वाहिनीची वाटणी होत नाही.

त्यांना वाट कोण दाखवतं?

आधी सुटण्याबद्दल बोलू. थरातल्या पेशी एकमेकींना चिकट प्रथिनांनी धरून असतात. आजूबाजूच्या ऊतींकडून ठरावीक रासायनिक निरोप आले की कडेवरच्या पेशींत काही जनुकं जागी होतात. ती ही चिकट प्रथिनं बदलतात, पेशीचा आकार मोकळा होतो, तिला पाय फुटल्यासारखे फाटे येतात आणि ती निघते.

धडाच्या भागात दोन मुख्य वाटा आहेत. एक वाट त्वचेच्या लगेच खालून जाते, तिच्यावरून गेलेल्या पेशी रंगपेशी होतात. दुसरी आत, पोटाच्या दिशेने जाते आणि तिथल्या पेशी चेतागाठी होतात. या आतल्या वाटेवर मणके आणि स्नायू घडवणारे ठोकळे एकापाठी एक रांगेत असतात. प्रत्येक ठोकळ्याचा डोक्याकडचा अर्धा भाग क्रेस्ट पेशींना वाट देतो आणि शेपटीकडचा अर्धा त्यांना हुसकावून लावतो. हुसकावणारी रसायनं तिथे पृष्ठभागावरच बसवलेली असतात. त्यामुळे पेशींचे झरे ठरावीक अंतरावरूनच आत शिरतात, आणि तुमच्या-आमच्या पाठीतल्या चेतागाठी मणक्यागणिक एक जोडी अशा बसतात. खाजनातल्या (खाऱ्या पाण्याकाठच्या शेतातल्या) बांधाला मानस, म्हणजे पाण्याचं दार असतं, तिथूनच पाणी आतबाहेर करतं, तसं.

आणखी एक गोष्ट मला फार आवडते. चालताना दोन क्रेस्ट पेशी एकमेकींवर आदळल्या की दोघी थांबतात, आपले पुढे काढलेले फाटे आत घेतात आणि दिशा बदलतात. एवढ्या साध्या नियमाने घोळका पसरत जातो, कारण मागे गर्दी असते आणि मोकळी जागा पुढेच उरते.

हे शोधलं कोणी?

स्वित्झर्लंडचे विल्हेल्म हिस यांनी १८६८ साली कोंबडीच्या गर्भात चेतानलिका आणि त्वचा यांच्या मधला हा पट्टा टिपला. 'न्यूरल क्रेस्ट' हे नाव इंग्लंडच्या आर्थर मिल्न्स मार्शल यांनी १८७९ साली दिलं.

पण मी वर्गात सर्वांत जास्त वेळ देते तो जुलिया प्लॅट यांना. अमेरिकेतल्या या बाईंनी १८९३ च्या सुमाराला नेक्टुरस नावाच्या पाण्यातल्या उभयचर प्राण्याचे गर्भ पाहून लिहिलं, की डोक्यातली काही कूर्चा आणि दातांचं डेंटिन बाह्यस्तरातून, म्हणजे गर्भाच्या तीन थरांपैकी सर्वांत बाहेरच्या थरातून येतं. तेव्हाचा पक्का समज असा होता की हाड आणि कूर्चा फक्त मध्यस्तरातून होतात. तीन स्तर, तिघांची कामं वाटून दिलेली, कुणी कुणाच्या कामात हात घालायचा नाही. प्लॅट यांचं म्हणणं बहुतेकांनी उडवून लावलं. त्यांनी १८९८ साली जर्मनीतल्या फ्रायबर्गमधून डॉक्टरेट मिळवली, तरी विद्यापीठात नोकरी मिळाली नाही. त्या कॅलिफोर्नियातल्या पॅसिफिक ग्रोव्ह या समुद्रकाठच्या गावी गेल्या, १९३१ साली वयाच्या चौऱ्याहत्तराव्या वर्षी तिथल्या महापौर झाल्या आणि गावासमोरचा किनारा सागरी जीवांसाठी राखून ठेवला. त्यांचं मूळ म्हणणं बरोबर होतं हे मान्य व्हायला जवळपास अर्धं शतक गेलं. वर्गातल्या मुलींना मी ही हकिगत पुरी सांगते, घाई करत नाही.

आता खरी अडचण. पेशी निघून गेल्यावर ती कुठे पोचली हे कसं कळणार? सगळ्या सारख्याच दिसतात. आमच्या अंत्रुजात, म्हणजे फोंडा भागात राहणाऱ्यांना हा प्रश्न ओळखीचा वाटेल. कुशस्थळीचा मंगेश १५६० साली प्रियोळला आला, केळोशीची शांतादुर्गा कवळ्याला आली, आणि माणसं तर कारवार, मंगळूर, कोचीपर्यंत पांगली. आज मुंबईहून आलेलं एखादं कुटुंब देवळाच्या पायरीवर उभं असतं. आडनाव बदललेलं, भाषा बदललेली, धंदा बदललेला. तरी मूळ गाव कळतं, कारण कुलदेवतेची खूण सोबत राहिलेली असते.

फ्रान्सच्या निकोल ल दुआरॅं यांना पेशीत अशीच खूण सापडली. जपानी लावा पक्ष्याच्या पेशीच्या केंद्रकात गुणसूत्रांच्या द्रव्याचा एक ठळक गोळा असतो. कोंबडीच्या केंद्रकात ते द्रव्य पसरलेलं असतं. विशिष्ट रंग दिला की लावाची पेशी लगेच ओळखू येते. १९६९ साली त्यांनी हे प्रसिद्ध केलं. मग लाव्याच्या गर्भातला क्रेस्टचा छोटा तुकडा काढून त्याच वयाच्या कोंबडीच्या गर्भात बसवायचा आणि काही दिवसांनी लावाच्या पेशी कुठेकुठे सापडतात ते पाहायचं. वर दिलेली यादी मोठ्या प्रमाणात या कामातून पक्की झाली. अशी काही पिल्लं अंड्यातून बाहेरही आली. पांढऱ्या कोंबडीच्या पिल्लाच्या अंगावर, जिथे तुकडा बसवला होता त्या भागात, लाव्याची गडद पिसं होती.

चेहऱ्याचा आकार या पेशीच ठरवतात का?

बऱ्याच अंशी हो. २००३ साली रिचर्ड श्नायडर आणि जिल हेल्म्स यांनी बदक आणि लावा यांच्या गर्भांत डोक्याकडच्या क्रेस्ट पेशींची अदलाबदल केली. बदकात लाव्याच्या पेशी गेल्या तर चोच लाव्यासारखी आखूड टोकदार झाली, लाव्यात बदकाच्या गेल्या तर चोच लांब पसरट झाली. बाकी डोकं यजमानाचं, चोच पाहुण्याची.

पाठ्यपुस्तकात तीन स्तर आहेत. मग क्रेस्टला चौथा स्तर का म्हणतात?

तिची उत्पत्ती बाह्यस्तराच्या कडेवर होते, म्हणून परीक्षेत बाह्यस्तर लिहा, गुण मिळतील. पण ती हाडही करते, चेतापेशीही करते, रंगपेशीही करते. ब्रायन हॉल यांनी म्हणून तिला चौथा स्तर मानावं असं सुचवलं. मला ते पटतं.

सुंगटांना (कोळंबीला), कुर्ल्यांना (खेकड्यांना) या पेशी असतात का?

म्हापशाच्या मासळी बाजारात उभं राहून हा प्रश्न सोडवता येतो. टोपल्यांचे दोन भाग करा. एका बाजूला बांगडा, इसवण, चणक, मोरी (शार्क). दुसऱ्या बाजूला सुंगटं, कुर्ल्या, तिसऱ्या (शिंपले), माणकी (स्क्विड). पहिल्या बाजूच्या सगळ्यांना न्यूरल क्रेस्ट असते, दुसऱ्या बाजूच्या कुणालाही नसते.

बांगड्याच्या पाठीवरच्या काळसर रेघा आणि पोटाची चंदेरी झळाळी पाहा. माशांत रंगपेशी अनेक प्रकारच्या असतात: काही काळ्या, काही पिवळ्या, काही आत स्फटिक बाळगून उजेड परतवणाऱ्या. पट्टेरी झेब्रा माशावरच्या प्रयोगांतून या सगळ्यांचं मूळ क्रेस्टपर्यंत नेता आलं आहे. माणकीसुद्धा रंग बदलते, आणि माशापेक्षा कितीतरी झपाट्याने बदलते, पण तिचे रंगबिंदू स्नायूंनी ताणले जाणारे वेगळेच अवयव आहेत. त्यांचा क्रेस्टशी संबंध नाही. मोरीच्या पाठीवरून शेपटीकडून डोक्याकडे हात फिरवलात तर पॉलिशपेपर लागतो. ते बारीक दातच असतात. पाकटाच्या जातकुळीतल्या एका माशात २०१७ साली दिसलं की या त्वचेवरच्या दातांचं द्रव्य करणाऱ्या पेशी धडाच्या क्रेस्टमधून येतात.

यातून उत्क्रांतीचा एक मोठा विचार निघाला. कार्ल गान्स आणि ग्लेन नॉर्थकट यांनी १९८३ साली मांडलं, की पृष्ठवंशी प्राण्यांचं डोकं हीच मुळात नवी गोष्ट आहे. आपल्या दूरच्या नात्यातला, वाळूत अर्धा रुतून पाणी गाळत बसणारा ॲम्फिऑक्सस पाहा. त्याला पाठीची नळी आहे, तिच्याखाली आधाराचा दांडा म्हणजे पृष्ठरज्जू आहे, पण जबडा, कवटी, डोळ्यांची जोडी यातलं काही नाही, आणि खरी न्यूरल क्रेस्टही नाही. क्रेस्ट आली आणि गाळून खाणाऱ्या प्राण्यांतून शोधून, पकडून खाणारे प्राणी झाले, असं त्यांचं म्हणणं. लॅम्प्रे या जबडा नसलेल्या माशाला क्रेस्ट आहे, म्हणजे ती जबड्याच्या आधी आली. पुढे समुद्रातल्या खडकांना चिकटून राहणाऱ्या सी-स्क्वर्टच्या अळीत क्रेस्टची आठवण करून देणाऱ्या काही पेशी सापडल्या. त्यामुळे ती शून्यातून उगवली नाही, जुन्याच कडेवरच्या पेशींना हळूहळू चालायला आलं, असं आता दिसतं.

ग्रहणात विळीवर भाजी चिरली म्हणून बाळाचा ओठ दुभंगतो का?

नाही. या उत्तराला मी वेळ देणार आहे.

डिचोली तालुक्यातल्या एका कार्यक्रमानंतर एक तरुण बाई माझ्याशी बोलायला थांबली. मांडीवर सात महिन्यांचा मुलगा, ओठाची शस्त्रक्रिया झालेली, टाका नीट भरलेला. तिने हळूच विचारलं, "बाई, सासूबाई म्हणतात मी ग्रहणात आदोळीवर (विळीवर) बसले होते. खरंच माझ्यामुळे झालं का?" मी विचारलं, ग्रहण झालं तेव्हा कितवा महिना होता. म्हणाली, सहावा.

वरचा ओठ कसा होतो ते पाहा. चेहरा एकाच तुकड्यात घडत नाही. कपाळाकडून खाली येणारा एक उंचवटा आणि दोन्ही गालांकडून पुढे येणारे उंचवटे अशा तुकड्यांत क्रेस्ट पेशी भरत जातात, ते वाढतात, एकमेकांना भेटतात आणि जुळतात. ओठाची ही जुळणी गर्भाच्या सातव्या आठवड्याच्या आसपास संपते. टाळू त्यानंतर मिटते, साधारण बाराव्या आठवड्यापर्यंत. एखादा उंचवटा थोडा कमी भरला, थोडा उशिरा पोचला किंवा भेटूनही जुळला नाही तर फट राहते. सहाव्या महिन्यात ग्रहण लागलं तेव्हा तिच्या बाळाचा ओठ जसा होता तसा ठरून निदान तीन महिने होऊन गेले होते. हे मी तिला बोटांवर मोजून दाखवलं. मग तिच्या सासूबाईंना बोलावून पुन्हा मोजलं. त्या वाईट नव्हत्या. त्यांना त्यांच्या सासूने जे सांगितलं तेच त्या सांगत होत्या.

जगभरात साधारण सातशे जन्मांमागे एका बाळाचा ओठ किंवा टाळू दुभंगलेली असते. चंद्र-सूर्य कुणीही पाहत नाही अशा घरांतही. कारणं बहुधा अनेक मिळून असतात: काही जनुकं, आईचा मधुमेह, धूम्रपान, फिट्सवरची काही औषधं. पुष्कळ वेळा एकच एक कारण सापडत नाही.

करायचं काय, ते महत्त्वाचं. अशा बाळाला ओढून पिणं जमत नाही, विशेषतः टाळूला फट असेल तर. त्याला उभट धरून पाजावं लागतं आणि वेगळ्या प्रकारची बाटली लागू शकते, ते बालरोगतज्ज्ञ किंवा परिचारिका शिकवतात. ओठाची शस्त्रक्रिया बहुधा तीन ते सहा महिन्यांत, टाळूची नऊ ते अठरा महिन्यांच्या दरम्यान होते. नंतर बोलणं, ऐकणं आणि दात यांकडे लक्ष ठेवावं लागतं. २०१३ पासून देशभर चालू असलेल्या राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमात या दोषाची तपासणी आणि पुढचे उपचार येतात. अंगणवाडीत किंवा जवळच्या आरोग्य केंद्रात विचारा.

जन्मल्यावर बाळाला दोन दिवस शी झाली नाही. याचाही संबंध आहे का?

असू शकतो, आणि इथे वाट पाहू नये. आतड्याच्या जाळ्यासाठी निघणाऱ्या क्रेस्ट पेशींचा प्रवास सर्वांत लांब असतो. बहुतेक जणी मानेच्या भागातून अन्ननलिकेच्या तोंडाशी शिरतात आणि चौथ्या ते सातव्या आठवड्यात आतड्याच्या शेवटापर्यंत जातात. वाट चालता चालता वाटच लांबत असते, कारण आतडंही वाढत असतं. त्यामुळे वाटेत त्यांना सतत दुप्पट-चौपट व्हावं लागतं. संख्या कमी पडली की शेवटचा टप्पा रिकामा राहतो. चेतापेशी नसलेला तो भाग आवळलेलाच राहतो आणि मागचं आतडं फुगतं.

कोपनहेगनच्या हॅराल्ड हिर्शस्प्रुंग यांनी १८८६ साली अशा दोन मुलांचं वर्णन केलं, म्हणून या आजाराला त्यांचं नाव आहे. साधारण पाच हजार जन्मांमागे एक, मुलग्यांत जास्त. पहिली काळपट शी अठ्ठेचाळीस तासांत न होणं, पोट फुगणं, हिरवी उलटी होणं, यातलं काहीही दिसलं तर बाळाला लगेच डॉक्टरांकडे न्या. घुटी देत बसू नका. निदान गुदाशयाचा छोटा तुकडा तपासून होतं आणि रिकामा भाग काढून निरोगी आतडं खाली जोडण्याची शस्त्रक्रिया केली जाते.

जन्मतः कपाळावर पांढरी बट असते, ते काय?

रंगपेशी त्या जागी पोचल्या किंवा टिकल्या नाहीत. काही घराण्यांत हे पिढ्यान्‌पिढ्या दिसतं आणि त्यापलीकडे काही त्रास नसतो. पण बटेबरोबर डोळे फिकट निळे असतील किंवा दोन डोळ्यांचे रंग वेगळे असतील तर बाळाचं ऐकणं लवकर तपासा. आतल्या कानाला काम करण्यासाठी रंगपेशी लागतात, त्या नसतील तर बहिरेपणा येतो. निळ्या डोळ्यांच्या पांढऱ्या मांजरांत बहिरी बरीच सापडतात, त्याचंही कारण हेच. पेट्रुस वार्डेनबुर्ग यांनी १९५१ साली माणसांतल्या या लक्षणसमूहाचं वर्णन केलं.

कोड मात्र वेगळी गोष्ट. त्यात रंगपेशी नीट पोचलेल्या असतात, नंतर शरीराचीच प्रतिकारशक्ती त्यांना मारते. कोड स्पर्शाने पसरत नाही. कोड असलेल्या मुलीला हळदीकुंकवाला वेगळं बसवलेलं मी पाहिलं आहे. ते थांबवायला हवं.

गरोदरपणात या पेशींसाठी काय काळजी घ्यावी?

दिवस गेल्याचं कळेपर्यंत या पेशी निघालेल्या असतात, म्हणून काळजी आधीपासून घ्यावी लागते. मूल हवं असं ठरल्यावरच रोज ४०० मायक्रोग्रॅम फोलिक आम्ल सुरू करा, निदान एक महिना आधी. त्याने चेतानलिका उघडी राहण्याचे दोष मोठ्या प्रमाणात टळतात.

दारू पूर्ण बंद. बिअर, वाइन, उर्राक, फेणी, सगळी एकच. चेहरा घडवणाऱ्या क्रेस्ट पेशी दारूने मरतात हे प्राण्यांच्या गर्भांत स्पष्ट दिसलं आहे. आपल्याकडे सर्दीवर चमचाभर फेणी देण्याची जुनी रीत आहे. गरोदर बाईला ती नको.

मुरुमांवर दिलं जाणारं आयसोट्रेटिनॉइन हे औषध फार धोक्याचं. ते १९८२ साली अमेरिकेत बाजारात आलं आणि थोड्याच वर्षांत कान, चेहरा, हृदय आणि थायमस (छातीतली एक ग्रंथी) यांचे दोष असलेली बाळं दिसू लागली. हे सगळे क्रेस्टचे मुलूख. मैत्रिणीने दिलेली मुरुमाची गोळी घेऊ नका. ती घेत असाल तर बंद करून निदान एक महिना गेल्याशिवाय गर्भ राहू देऊ नका. फिट्सचं औषध मात्र स्वतःच्या मनाने थांबवू नका, डॉक्टरांना भेटून बदलून घ्या.

आणि हे सगळं पाळूनही दोष राहू शकतो. राहिला तर तो आईने केलेला नसतो.

कॅन्सरशी काही संबंध?

आहे. चालत जाण्याची कला या पेशींच्या वंशजांत दडलेली असते, आणि रंगपेशींचा कॅन्सर, म्हणजे मेलानोमा, झपाट्याने पसरतो त्यामागे हे एक कारण मानलं जातं. लहान मुलांत न्यूरोब्लास्टोमा नावाची गाठ होते, ती पुष्कळदा ॲड्रिनल ग्रंथीत किंवा मणक्याशेजारच्या चेतागाठींत उगवते. तिचं मूळ अर्धवट घडलेल्या क्रेस्ट पेशींत असतं.

पाळीव जनावरांच्या कपाळावर पांढरा टिळा का असतो?

दारातला कुत्रा, गोठ्यातली गाय, डुक्कर, घोडा: पांढरे ठिपके, लोंबते कान, आखूड तोंड, आणि माणसाला न घाबरणारा स्वभाव. रानटी भाईबंदांत हे सगळं सहसा नसतं. रशियात नोवोसिबिर्स्कजवळ द्मित्री बेल्यायेव यांनी १९५९ पासून केवळ शांत स्वभाव पाहून कोल्हे निवडायला सुरुवात केली. काही पिढ्यांत त्यांच्या अंगावरही पांढरे पट्टे दिसू लागले. २०१४ साली ॲडम विल्किन्स, रिचर्ड रॅंगम आणि टेकमसे फिच यांनी म्हटलं, की भीतीचं ॲड्रिनलिन करणारा गाभा, रंग, जबडा आणि कानाची कूर्चा या सगळ्यांचं मूळ क्रेस्टमध्ये आहे. स्वभावाने शांत प्राणी निवडले म्हणजे नकळत किंचित कमी क्रेस्टवाले निवडले गेले. कल्पना सुंदर आहे, पण तिच्यावर वाद चालू आहेत. मी ती वर्गात 'गृहीतक' म्हणूनच सांगते.

हे आपल्याला प्रत्यक्ष पाहता येईल का?

क्रेस्ट पेशी नुसत्या डोळ्यांना किंवा साध्या सूक्ष्मदर्शकात वेगळ्या दिसत नाहीत. त्यांना खूण करावी लागते किंवा पातळ छेद घेऊन रंगवावं लागतं. पण त्या निघतात तो क्षण ज्या गर्भात घडतो, तो गर्भ कॉलेजच्या प्रयोगशाळेत नक्की दिसतो.

दुकानातली अंडी चालत नाहीत, ती फलित नसतात. कोंबडा असलेल्या घरातली गावठी कोंबडीची ताजी अंडी आणा. ती आडवी ठेवा, वर पेन्सिलने खूण करा, म्हणजे गर्भ तरंगून त्या खुणेखाली येतो. तापमान ३८ अंश सेल्सियस, शेजारी पाण्याचं भांडं. सोमवारी रात्री ११ ला ठेवलीत तर बुधवारी सकाळी ८ ला तेहतीस तास होतात. टोकाशी भोक पाडून सिरिंजने थोडा पांढरा बलक काढून घ्या, मग खुणेच्या जागी कवचाची खिडकी कापा. पिवळ्या बलकावर फिकट चकती दिसेल. चकतीखाली काळ्या शाईचे दोन-तीन थेंब सोडले की गर्भ उठून दिसतो: पुढे डोळ्यांचे फुगवटे असलेलं डोकं, मध्ये मिटत आलेली नळी, तिच्या दोन्ही बाजूंना ठोकळ्यांची रांग. याच घटकेला डोक्याच्या भागातल्या नळीच्या माथ्यावरून पेशी सुटून दोन्ही बाजूंना उतरत असतात. नशीब चांगलं असेल तर उजव्या बाजूला हृदयाची वाकडी नळी पहिल्यांदा थरथरताना दिसते.

पावसाळ्यात हा प्रयोग लावू नका. वीज गेली की इनक्युबेटर थंड होतो, वाढ रेंगाळते आणि तासांचा हिशेब चुकतो. मी तो जानेवारीत लावते.